जांभ्याच्या भिंतीवर टीव्ही, खाली साउंडबार: कोकणातल्या घरातली मांडणी

टीव्ही घरी आला की पाठोपाठ बसवणारा माणूस येतो. दाखवाल त्या भिंतीला चार भोकं पाडतो, ब्रॅकेट आवळतो आणि अर्ध्या तासात निघतो. विटांच्या किंवा काँक्रीटच्या भिंतीत हे निभावून जातं, चिऱ्याच्या, म्हणजे जांभा दगडाच्या, घरात निभावत नाही. जांभा साध्या गिट्टीला (स्क्रूसाठी भोकात ठोकतात त्या प्लगला) धरत नाही, पश्चिमेची भिंत जूनपासून सप्टेंबरपर्यंत ओल सोडते, खारं वारं स्क्रू खातं आणि कौलाखाली आवाज स्लॅबच्या खोलीसारखा वागत नाही. म्हणून इथे आधी भिंत ठरवावी, मग टीव्हीचा आकार आणि साउंडबार, म्हणजे टीव्हीखालचा लांबट स्पीकर, सर्वांत शेवटी. बहुतेक घरांत नेमकं उलटं होतं: सेलमध्ये साउंडबार आधी येतो आणि मग त्याच्यासाठी कोपरा शोधला जातो.

भिंत

कोकणात पावसाचा मारा नैर्ऋत्येकडून असतो, त्यामुळे घराच्या पश्चिम आणि दक्षिण अंगाच्या बाहेरच्या भिंती सर्वांत जास्त भिजतात. चिरा सच्छिद्र असतो. बाहेरून गिलावा नसेल तर तो पाणी पितो आणि आषाढ सरेपर्यंत ओल आतल्या बाजूला उतरते. अशा भिंतीला चिकटून टांगलेल्या टीव्हीच्या मागच्या जाळीतून तीच दमट हवा आत जाते आणि दोन-तीन पावसाळ्यांत जोडांवर हिरवट गंज धरतो. ओटी आणि माजघर यांच्यामधली भिंत सर्वांत चांगली, कारण तिच्या दोन्ही बाजूंना छप्पर असतं.

भिंतीची शंका असेल तर एक साधी परीक्षा आहे. वीतभर लांब-रुंद जाड प्लास्टिकचा तुकडा चारही कडांनी चिकटपट्टीने भिंतीला घट्ट लावा आणि दोन दिवस तसाच ठेवा. प्लास्टिकच्या आतल्या बाजूला पाणी धरलं तर ओल भिंतीतून येते आहे, ती भिंत सोडा. बाहेरच्या बाजूला धरलं तर तो हवेतला दमटपणा आहे, त्यावर इलाज करता येतो. ही परीक्षा भर पावसात करावी. मे महिन्यात सगळ्याच भिंती कोरड्या असतात.

टीव्हीच्या समोर पडवीचं दार किंवा मोठी खिडकी नको, दिवसा पडद्यावर अंगणच दिसत राहील. खिडकी बाजूला असलेली बरी. आणि गणपती ज्या भिंतीशी बसतो ती भिंत टीव्हीला देऊ नका. माटवी (गणपतीच्या डोक्यावर टांगायची सजवलेली चौकट) आणि आरास यांच्यासाठी दरवर्षी टीव्ही उतरवावा लागतो, आणि पडदे फुटतात ते बहुधा उतरवताना-चढवतानाच.

आकार, अंतर, उंची

बसण्याच्या जागेपासून पडद्यापर्यंतचं अंतर मोजा. पडद्याचा कर्ण सेंटीमीटरमध्ये घेऊन त्याला १.६ ने गुणलं की सोयीचं अंतर मिळतं. सिनेमा पाहायची जास्त हौस असेल तर १.२ ने गुणा. ४३ इंची टीव्हीला साधारण पावणेदोन मीटर, ५० इंचीला दोन, ५५ इंचीला सव्वादोन आणि ६५ इंचीला दोन मीटर ६५ सेंटीमीटर, असा हिशेब १.६ ने येतो. जुन्या घरांतली ओटी लांबट पण अरुंद असते. टीव्ही लांबीच्या भिंतीवर लावला तर अंतर जेमतेम दोन मीटर मिळतं, तिथे ६५ इंची घेण्यात अर्थ नाही.

उंचीत सर्वांत जास्त चुका होतात. खालून मांजर, पोरं, केरसुणी लागू नये म्हणून टीव्ही देवाच्या फोटोच्या रांगेत जातो आणि तासाभरात मान आखडते. सोफ्यावर किंवा झोपाळ्यावर बसलेल्या माणसाचे डोळे जमिनीपासून १०० ते ११० सेंटीमीटरवर असतात, चटईवर बसलेल्याचे ७५ ते ८० वर. पडद्याचा मध्य डोळ्यांच्या रेषेत किंवा तिच्या किंचित वर असावा. ५५ इंची टीव्ही कडांसकट सुमारे ७१ सेंटीमीटर उंच असतो, म्हणून सोफ्यासमोर त्याची खालची कड जमिनीपासून ७० ते ७५ सेंटीमीटरवर येते. घरात दोन्ही तऱ्हेने बसणारी माणसं असतील तर मध्य ९५ वर घ्या. त्याहून वर न्यायची वेळ आलीच, तर खाली झुकणारं ब्रॅकेट वापरा.

चिऱ्यात भोक पाडताना

जांभा वरून टणक, आत मऊ आणि पोकळ्यांनी भरलेला असतो. खाणीतून काढलेला चिरा हवा लागून कठीण होत जातो, त्यामुळे वरचा थर फसवा असतो. ड्रिल सुरुवातीला अडतं, मग एकदम आत घुसतं. विटेसाठी वापरतात ती ६ किंवा ८ मिमीची छोटी गिट्टी त्या मऊ भागात फिरत राहते, आज घट्ट वाटते आणि वर्षभरात सैल होते.

आधी भिंतीची जात पाहा. दगडांमधल्या सांध्यात माती असेल, म्हणजे घर जुनं, मातीत बांधलेलं असेल, तर टीव्ही टांगूच नका, टेबलावर ठेवा. सिमेंटमध्ये बांधलेल्या भिंतीवर पुढचं काम करता येतं.

ड्रिलचा हॅमर बंद ठेवा, नाहीतर भोकाचं तोंड फुटतं आणि १० मिमीचं भोक १४ चं होतं. आधी ६ मिमीच्या बिटने हळूहळू मार्ग काढा, मग १० मिमीचा बिट. भोक दगडाच्या मध्याजवळ असावं, सांध्यापासून निदान ७-८ सेंटीमीटर दूर. सायकलच्या पंपाने आतली तांबडी भुकटी पूर्ण उडवा. ही भुकटी राहिली तर कोणताही प्लग पकडत नाही, आणि घाईत हेच सगळ्यात जास्त राहून जातं. मग १०० ते १२० मिमी लांबीचे फ्रेम प्लग घाला, म्हणजे पकड आत खोलवर, लांब अंतरावर बसते. भोक पाडताना बिट मध्येच मोकळा गेला तर तिथे पोकळी आहे. तिथे जाळीच्या नळीसकट केमिकल अँकर, म्हणजे ट्यूबमधून येणारा, घट्ट होऊन बोल्ट धरणारा मसाला, भरा. नळी नसेल तर सगळा मसाला पोकळीत वाहून जातो. ट्यूबवर लिहिलेला वेळ पूर्ण होईपर्यंत बोल्टला हात लावू नका.

सर्वांत भरवशाची पद्धत मात्र फळीची. आयएस ७१० (मरीन प्लायवुडचं भारतीय मानक) चा शिक्का असलेलं १८ मिमी जाडीचं मरीन प्लायवुड घ्या, ५५ इंची टीव्हीसाठी सुमारे ७५ बाय ४५ सेंटीमीटर. ते निरनिराळ्या चिऱ्यांत मिळून सहा ते आठ ठिकाणी बसवा आणि ब्रॅकेट त्या फळीला आरपार बोल्टने लावा. बोल्टची डोकी फळीच्या मागच्या बाजूला, म्हणून ते फळी चढवण्याआधीच घालून ठेवावे लागतात. फळी आणि भिंत यांच्यात १० मिमीचे वॉशर किंवा नळीचे तुकडे ठेवा, म्हणजे मागून हवा खेळते आणि प्लायवुड ओल धरत नाही. वजन चार भोकांऐवजी आठ ठिकाणी वाटलं जातं आणि पुढे टीव्ही बदलला तरी भिंतीला पुन्हा हात लावावा लागत नाही. दिसायला नको असेल तर फळीला भिंतीचा रंग द्या.

पाणसळ लावून ब्रॅकेट आवळलं की टीव्ही लगेच चढवू नका. टीव्ही १६ किलोचा असेल तर ३५ किलोची तांदळाची गोण दोरीने ब्रॅकेटला टांगा, ब्रॅकेटच्या वरच्या कडेशी पेन्सिलीची रेघ मारा आणि रात्रभर राहू द्या. सकाळी ब्रॅकेट रेघेखाली उतरलेलं दिसलं तर काम पुन्हा करावं. पुढे ओढून वळवता येणारं, हात असलेलं ब्रॅकेट चिऱ्यावर टाळा. हात लांबवला की वरच्या प्लगांवरची ओढ कित्येक पटींनी वाढते.

स्क्रू-बोल्ट स्टेनलेस स्टीलचे घ्या. झिंकचा मुलामा खाऱ्या हवेत फार टिकत नाही. गावाच्या आतल्या अंगाला ३०४ ग्रेडचं स्टील चालेल. दारातून समुद्र दिसत असेल तर ३१६ चं घ्यावं, त्यातल्या मॉलिब्डेनममुळे ते मिठाला जास्त दाद देत नाही. टीव्हीच्या पाठीत जाणारे स्क्रू मोठ्या टीव्हीला बहुधा एम ६ किंवा एम ८, म्हणजे ६ किंवा ८ मिमी जाडीचे, असतात. ते आधी बोटांनीच सहा-सात आटे जायला हवेत. अडत असतील तर माप चुकलं आहे, पान्याने जोर लावू नका. आणि गरजेपेक्षा लांब स्क्रू आतल्या बोर्डात घुसतो, म्हणून टीव्हीबरोबर आलेले स्पेसर टाकून देऊ नका.

टेबल वापरणार असाल तर फणसाचं किंवा शिवणीचं लाकूड उत्तम. उंची ५० ते ५५ सेंटीमीटर, लांबी टीव्हीच्या दोन पायांमधल्या अंतरापेक्षा निदान २० सेंटीमीटर जास्त. लहान मूल घरात असेल तर टीव्हीच्या पाठीतून नायलॉनचा पट्टा काढून टेबलालाच मागून बांधा.

साउंडबारची जागा

टीव्हीच्या बरोबर मध्यावर, खाली, आणि समोरची कड टेबलाच्या कडेशी जुळलेली. बार चार बोटं मागे सरकला तरी आवाज आधी टेबलाच्या फळीवर आपटतो आणि संवाद डब्यातून आल्यासारखे ऐकू येतात. शोकेसच्या कप्प्यात तर कधीच नको. टीव्हीची खालची कड आणि बार यांच्यात ५ ते १० सेंटीमीटर मोकळे सोडा, कारण रिमोटचा सेन्सर अनेक टीव्हींच्या खालच्या कडेला असतो आणि बारने तो झाकला की रिमोट बिघडलाय असं वाटतं.

ही सगळी मापं एकमेकांत बसतात. टेबल ५५ सेंटीमीटर, बार ६-७, वर दहा मोकळे, म्हणजे पडद्याची कड ७२ च्या आसपास. आधी सांगितलेल्या उंचीशी हे जुळतं, म्हणून टीव्ही टांगण्याआधी बारची उंची मोजून घ्या.

खरेदीबद्दल ठाम मत द्यायचं तर, कौलारू घरात वर आवाज फेकणारा अ‍ॅटमॉस बार घेऊ नका. त्याचे वरचे स्पीकर आवाज सपाट छताकडे पाठवतात आणि तो परतून ऐकणाऱ्यावर यावा अशी ती रचना असते. त्यासाठी छत सपाट, अडीच-तीन मीटरच्या सुमाराचं लागतं. उतरत्या कौलांवर आपटलेला आवाज भलतीकडे जातो, थोडा फटींतून बाहेरही. त्यापेक्षा संवादासाठी मधला वेगळा स्पीकर असलेला ३.१ चा (डावा, मधला, उजवा स्पीकर आणि एक सबवूफर) बार घ्या आणि उरलेले पैसे अर्थिंगवर आणि चांगल्या बोल्टांवर घाला. स्लॅबचं घर असेल तर अ‍ॅटमॉसचा उपयोग आहे. पीव्हीसीच्या पातळ पट्ट्यांचं फॉल्स सीलिंग असेल तर मात्र आधी ऐकून पाहा, त्या पट्ट्या खडखडतात.

सबवूफर आणि खडखड

सबवूफर, म्हणजे खालचे सूर वाजवणारी वेगळी पेटी, कोपऱ्यात ठेवला की घुमतो, मधे ठेवला की दबतो. खोलीच्या लांबीशी काही खालचे सूर जुळतात आणि तेवढेच फुगतात. ४ मीटर लांबीच्या खोलीत तो सूर ४३ हर्ट्झच्या आसपास येतो. जागा शोधायची युक्ती अशी: सबवूफर तात्पुरता तुमच्या बसायच्या जागी ठेवा, ढोलाचा ठेका असलेलं काही लावा आणि स्वतः भिंतीकडेने खाली वाकून कान लावत फिरा. जिथे ठोका स्वच्छ आणि एकसारखा ऐकू येईल तिथे सबवूफर ठेवा.

बिनतारी सबवूफर त्याच खोलीत असावा. चिऱ्याची नऊ इंची किंवा त्याहून जाड भिंत मधे आली की आवाज तुटू लागतो.

कौलाखाली सैल रिपा, खिडकीच्या काचा, मांडणीवरची पितळी भांडी, देवघराचं दार, सगळं सबवूफरच्या सुरात सूर मिसळतं. मोबाइल बारला जोडून ४० ते ८० हर्ट्झचा सलग सूर हळूहळू चढवत वाजवा. दुसऱ्या माणसाने खोलीत फिरून जे थरथरेल त्यावर हात ठेवायचा. खडखड थांबली तिथे खूण करा आणि रबराची पट्टी किंवा जाड कापडाची घडी अडकवा. सबवूफरखाली जुन्या टायरचा किंवा जाड रबराचा तुकडा घाला. जमीन शेणाने सारवलेली असेल तर खाली फळी हवीच, नाहीतर पेटी बुडातून ओल ओढते.

खोलीत टाळी वाजवा. मागून टणत्कार आला तर शहाबादी किंवा गुळगुळीत लादी, रिकाम्या भिंती असं कठीण सगळं आवाज परतवतं आहे. बार आणि सोफा यांच्यामध्ये चटई किंवा सतरंजी, समोरच्या भिंतीला कापडी पडदा, एवढ्यानेही शब्द स्पष्ट होतात. गोधडी वाळत घालायची दोरी खोलीतच असेल तर तीही कामाची.

जोडणी

टीव्हीवर ज्या एचडीएमआय खाचेपाशी ‘एआरसी’ किंवा ‘ईएआरसी’ (टीव्हीचा आवाज बारकडे पाठवणारी खाच) लिहिलेलं असतं, तिथून बारच्या तशाच खाचेत केबल. दुसऱ्या खाचेत घातली तर चित्र येतं पण आवाज बारमधून येत नाही, आणि मग बार परत पाठवला जातो. टीव्हीच्या सेटिंगमध्ये सीईसी, म्हणजे एकाच रिमोटने दोन्ही चालवायची सोय, चालू करा. सॅमसंग त्याला एनीनेट प्लस म्हणतं, एलजी सिम्पलिंक, सोनी ब्राव्हिया सिंक. आवाजाचं आउटपुट ‘एचडीएमआय एआरसी’ निवडा, डिजिटल आवाज ‘ऑटो’ किंवा ‘पास-थ्रू’ वर ठेवा. तरी शांतताच असेल तर ‘पीसीएम’ (आवाजाचा साधा, न आवळलेला प्रकार) करून पाहा. तेही नाही तर टीव्ही आणि बार दोन्ही प्लगमधून काढा, मिनिटभर थांबा, आधी टीव्ही आणि मग बार लावा.

टीव्हीचे स्वतःचे स्पीकर बंद करा, दोन्ही चालू राहिले की प्रत्येक शब्द दोनदा ऐकू येतो. ओठ आणि आवाज जुळत नसतील तर ‘ए-व्ही सिंक’ मधून १० ते २० मिलिसेकंदांनी सरकवत जुळवा. बातम्या वाचणाऱ्याचा चेहरा यासाठी सोयीचा.

ऑप्टिकल केबलवर, म्हणजे प्रकाशातून आवाज नेणाऱ्या तारेवर, डॉल्बी डिजिटल प्लस या प्रकारचा आवाज जात नाही, त्यामुळे ती दुसऱ्या पसंतीची. एका ठिकाणी मात्र तीच कामी येते: डिशच्या केबलमुळे बारमधून सतत गुणगुण येत असेल, डिशची केबल सेट-टॉप बॉक्समधून काढताच ती थांबत असेल, तर ऑप्टिकल वापरा. तिच्यातून वीज जात नाही, गुणगुणही जात नाही.

पत्र्यावर पाऊस कोसळत असताना आवाज चढवत नेऊ नका. बास कमी करा, ‘डायलॉग’ किंवा ‘व्हॉइस’ मोड लावा. पावसाच्या गजरात शब्द वेगळे काढायचे असतात, नुसता जोर वाढवून घुमणं तेवढं वाढतं.

वीज

वळिवाच्या दिवसांत, पावसाच्या सुरुवातीला आणि पुन्हा हस्ताच्या पावसात विजा जास्त असतात. ढग वाजू लागले की नुसता बटण बंद करून भागत नाही. टीव्ही, बार आणि सबवूफर यांचे प्लग काढा, सेट-टॉप बॉक्समधून डिशची केबल काढा आणि राउटरकडून टीव्हीला येणारी लॅनची तारही. छपरावरच्या डिशमधून आलेला झटका एचडीएमआयमार्गे बारपर्यंत पोचतो, आणि ही केबल काढायची नेमकी राहून जाते.

मुख्य बोर्डात टाइप-२ चा एसपीडी, म्हणजे विजेचा झटका जमिनीत वळवणारं उपकरण, बसवून घ्या. पण तो अर्थिंग चांगलं असेल तरच काम करतो. कातळावरच्या घरात हीच अडचण असते, कारण जांभ्यातून पाणी झिरपून जातं आणि एप्रिल-मे मध्ये अर्थिंगचा खड्डा ठणठणीत कोरडा पडतो, नेमका विजांच्या तोंडावर. कोळसा-मिठाचा खड्डा असेल तर उन्हाळ्यात दर आठवड्याला दोन-तीन बादल्या पाणी ओता. वायरमनकडून अर्थ टेस्टरने रोध मोजून घ्या, ५ ओहमच्या आसपास किंवा खाली असलेला बरा.

इन्व्हर्टर साइन वेव्हचा हवा. स्क्वेअर वेव्हवर बार गुणगुणतो आणि त्याचा अ‍ॅडॉप्टर तापतो. ५५ इंची टीव्ही, बार आणि सेट-टॉप बॉक्स मिळून २०० वॉट धरा. १५० एएचच्या १२ व्होल्ट बॅटरीत कागदावर १८०० वॉट-तास असतात. बॅटरी टिकवायची तर निम्मेच वापरावेत, म्हणजे पंखे-दिवे बंद ठेवून चार तास.

पावसाळा आणि बंद घर

आषाढ-श्रावणात टीव्ही आणि बार रोज अर्धा तास तरी चालवा, आतली ऊब ओल काढते. प्लास्टिकचं कव्हर घालू नका, आत पाणी धरतं. सुती चादर पुरे. बारच्या कापडी जाळीवर बुरशीचे पांढरे ठिपके दिसले तर कोरड्या मऊ ब्रशने झटका, ओल्या फडक्याने पुसलं तर ती आत जाते. उबेला मुंग्या आणि पाली येतात. टीव्हीमागच्या तारा पीव्हीसीच्या पट्टीतून न्या, म्हणजे उंदरांचाही त्रास कमी होतो.

घर शिमग्यापासून गणपतीपर्यंत बंद राहणार असेल तर जाताना सगळे प्लग काढा, रिमोटमधले सेल काढा, बार आणि सबवूफर भिंतीपासून दूर, पलंगावर किंवा खुर्चीवर ठेवा. चाकरमानी रात्रीच्या गाडीने उतरतात आणि पोरं पहिल्यांदा टीव्हीचं बटण दाबतात. त्या दिवशी दाबू देऊ नका. दारं-खिडक्या उघडा, टीव्हीच्या मागच्या बाजूला पंख्याचा वारा लागेल असं चार-पाच तास ठेवा, प्लगच्या पितळी पिनांवर हिरवट डाग असतील तर बारीक पॉलिशपेपरने घासा, एचडीएमआयची टोकं काढून पुन्हा घाला. मग आधी एकटा टीव्ही लावा, अर्ध्या तासाने बार.